'चिंटू'चा आवाज : चित्रमालिका आणि बोलपट यांमधील एका अंतराविषयी

छापील विनोदी चित्रमालिकेवरून हाडामासाच्या नटांचा बोलपट तयार झाला, म्हणजे त्याविषयीची चर्चा बहुधा दोन प्रश्नांभोवती फिरत राहते. निवडलेला नट चित्रातील व्यक्तीसारखा दिसतो किंवा नाही, हा पहिला प्रश्न; आणि मूळच्या सुट्या गमतींची सलग कथा नीट जुळून आली किंवा नाही, हा दुसरा. हे दोन्ही प्रश्न गैर नाहीत. परंतु चित्रमालिकेत शब्दही असतात, आणि ते छापलेले असतात. बोलपटात तेच शब्द कोणाच्या तरी तोंडून ऐकू येतात. छापलेला शब्द ऐकू येऊ लागला म्हणजे त्याचे नेमके काय होते, या तिसऱ्या प्रश्नाकडे मात्र सहसा दुर्लक्ष होते. विनोदाच्या बाबतीत तर हाच प्रश्न मूळचा आहे, असे दाखविता येईल. मराठीपुरते बोलावयाचे तर त्याची तपासणी करण्यास 'चिंटू'इतके सोयीचे उदाहरण दुसरे नाही.

चारुहास पंडित आणि प्रभाकर वाडेकर यांची 'चिंटू' ही चित्रमालिका २१ नोव्हेंबर १९९१ रोजी पुण्याच्या 'सकाळ'मध्ये सुरू झाली. रोज तीन-चार चौकटी, त्यांत एक खोडकर परंतु निरुपद्रवी मुलगा, त्याचे आईवडील, मिनी, पप्पू, बगळ्या, राजू हे सवंगडी आणि जोशी काकूंसारखी शेजारची मंडळी, एवढ्या सामग्रीवर ती वर्षानुवर्षे चालली. पुढे तिचे संग्रहही निघाले. २०१२ साली श्रीरंग गोडबोले यांनी तिच्यावरून 'चिंटू' हा चित्रपट दिग्दर्शित केला. त्यात शुभंकर अत्रे या बालनटाने चिंटूची आणि सुबोध भावे व विभावरी देशपांडे यांनी त्याच्या आईवडिलांची भूमिका केली. लगोलग २०१३ मध्ये 'चिंटू २ : खजिन्याची चित्तरकथा' हा दुसरा चित्रपट आला. चित्रमालिका आणि चित्रपट यांच्यामध्ये वीस वर्षांचे अंतर पडले होते. पहिल्या वर्षी शाळकरी वयात जे वाचक होते, ते चित्रपटगृहात बव्हंशी पालक म्हणून आले असणार. चिंटू मात्र तेवढाच राहिला होता.

कथानकाविषयी फार लिहिण्याचे कारण नाही. पहिल्या चित्रपटात मुलांच्या खेळण्याच्या जागेवर खाद्यपदार्थांचे दुकान येते आणि ती जागा परत मिळविण्यासाठी मुले खटपट करतात. दुसऱ्यात सुटीतील शिबिर आणि खजिन्याचा शोध आहे. मूळ मालिकेत असे काही घडत नाही, म्हणून कित्येकांनी नाराजी दाखविली. ती अनाठायी होय. चौकटींची मालिका गमतीवर संपते आणि दुसऱ्या दिवशी सर्व काही पूर्ववत होते. दोन तासांच्या चित्रपटाला हे चालत नाही, त्याला काहीतरी हरवावे लागते आणि ते परत मिळवावे लागते. शहरातील मुलांचे मैदान हरवणे ही कल्पना तर वास्तवाला धरूनच आहे. चित्रपटाचा खरा पेच कथानकात नाही.

तो पेच एका साध्या वाक्यावरून स्पष्ट होईल. समजा, आई स्वयंपाकघरातून विचारते आणि मुलगा उत्तर देतो, "अभ्यास करतोय की!" हे वाक्य मालिकेतील नव्हे, येथे विवेचनापुरते घेतले आहे. यातील 'की' या अव्ययाचा अर्थ शब्दकोशाने उलगडत नाही. तक्रार, फुशारकी, आश्चर्य, उघड थाप, यांपैकी काहीही त्यात असू शकते. संवादाच्या फुग्यात हे वाक्य छापले असता ते सर्व अर्थ त्यात एकत्र नांदतात, आणि चित्रातील भुवईची एक रेषा त्यांपैकी कोणता पुढे आणावा हे नुसते सुचविते. नटाने ते उच्चारले की स्वराच्या चढउतारासह त्यातला एकच अर्थ उरतो. बाकीचे गळून पडतात. नट वाईट असल्यामुळे असे होत नाही. तो बोलतो, एवढ्यानेच असे होते.

आपल्या साहित्यशास्त्राने या स्वरविकाराला 'काकु' असे नाव दिले आहे. (जोशी काकूंशी या ऱ्हस्व उकाराच्या काकूचा संबंध नाही; तरी त्यांच्या बोलण्यात ती भरपूर असावी.) भरताने नाट्यशास्त्रात काकूचे साकांक्ष आणि निराकांक्ष असे दोन प्रकार सांगितले आहेत : जिच्यात अर्थ अपुरा राहून ऐकणारा पुढची वाट पाहतो ती साकांक्ष, आणि जिच्यात तो पुरा होतो ती निराकांक्ष. या दृष्टीने पाहिले तर विनोदी चित्रमालिकेची रचना म्हणजे कागदावर मांडलेली काकूच होय. पहिल्या चौकटी साकांक्ष असतात, शेवटची निराकांक्ष. आणि त्यांमधल्या कोऱ्या पट्टीत वाचक श्वास घेतो. हा श्वास किती लांब घ्यावयाचा हे वाचक ठरवितो. पेपर घाईने चाळणारा बाप आणि त्याच चौकटी तीनदा वाचणारी मुलगी यांचे श्वास निराळे, तरी गंमत दोघांना सारखीच उमगते. चित्रपटात हा अवकाश संकलक ठरवितो, आणि सर्वांसाठी एकच ठरवितो.

काकू कोणाची, लेखकाची की वाचणाऱ्याची, हा वादही जुना आहे. रुद्रटाने काकुवक्रोक्तीची गणना शब्दालंकारात केली. राजशेखराने काव्यमीमांसेत त्यावर आक्षेप घेतला : काकू हा पाठाचा, म्हणजे वाचण्याचा धर्म आहे, तो अलंकार कसा होईल? याच ठिकाणी तो निरनिराळ्या प्रदेशांतील लोक काव्य कसकसे म्हणतात याचेही वर्णन करतो. काव्यपठणाकडे असे कान देऊन पाहणारा हा ग्रंथकार स्वतःच्या कुळाचा संबंध महाराष्ट्राशी जोडतो, आणि काव्यपुरुषाचा विवाह त्याने विदर्भातील वत्सगुल्म येथे लावला आहे. वत्सगुल्म म्हणजे आजचे वाशीम. परभणीहून उत्तरेस निघाले की हिंगोलीच्या पलीकडे ते लागते. अर्थात या भौगोलिक योगायोगावर काही सिद्धांत उभारावयाचा नाही. परंतु राजशेखराचा मुद्दा 'चिंटू'ला चपखल लागू पडतो. चिंटूचा आवाज फुग्यात नाही. तो वाचणाऱ्याच्या पाठात आहे.

फुग्यातील लेखनपद्धती याला पोषकच आहे. ग्रंथांत 'केले', 'गेले', 'सांगितले' असे लिहिले जाते. मालिकेतील मुले 'केलं', 'गेलं', 'सांगितलं' असे बोलतात. महामंडळाच्या लेखननियमांनीही बोलण्याचे लेखन अशा शीर्षबिंदूने करण्यास मान्यता दिली आहे. हा शीर्षबिंदू मोठा मार्मिक आहे. हे बोलणे आहे, लेखन नव्हे, एवढेच तो सांगतो. ते कोणत्या गावचे बोलणे हे तो सांगत नाही. 'केलं' हे पुण्यात, कोल्हापुरात, नाशकात आणि परभणीत आपापल्या परीने उच्चारले जाते, आणि प्रत्येक ठिकाणच्या वाचकाला ते आपलेच वाटते. बोलीपणाची खूण आहे परंतु बोलीचा पत्ता नाही, अशी ही अवस्था केवळ छपाईतच शक्य आहे. याउलट 'धडाम', 'धप्प' यांसारखे ध्वन्यनुकारी शब्द पाहावे. कागदावर ते अस्सल मराठी शब्द असतात, त्यांना व्याकरण असते, त्यांवरून क्रियाविशेषणे होतात. चित्रपटात त्यांच्या जागी नुसता आवाज येतो, आणि तो कोणत्याच भाषेचा नसतो. म्हणजे बोलपटात येताना संवादांना एक गाव चिकटते आणि ध्वनिशब्दांची भाषा सुटते. चित्रमालिकेतील भाषेचा तोल असा दोन्ही टोकांनी बदलतो.

सर्वच चित्रमालिका आवाजाच्या बाबतीत अशा मोकळ्या नसतात. अमेरिकेत ई. सी. सेगर याच्या मालिकेत १९२९ साली पॉपाय नावाचा खलाशी अवतरला; त्याचे बोलणे सेगर मुद्दाम अशुद्ध वर्णलेखनात लिहीत असे, त्यामुळे त्याचा उच्चार कागदावरच ठरून गेला होता. १९३३ पासूनच्या चलत्‌व्यंगचित्रांनी त्या उच्चारात पुटपुटण्याची भर घातली. रॉबर्ट ऑल्टमन यांच्या १९८० च्या चित्रपटात रॉबिन विल्यम्स यांना तो तयार आवाज अंगात घ्यावा लागला. त्यांना आवाज शोधावयाचा नव्हता. फ्रान्समधील गोसिनी आणि उदेर्झो यांच्या 'अॅस्टेरिक्स'ची गोष्ट आणखी निराळी आहे. तेथे गॉथ लोक बोलू लागले की फुग्यातील अक्षरे जुन्या जर्मन गॉथिक वळणाची होतात. भाषेचा परकेपणा कानाला नव्हे, तर डोळ्याला दिसतो. ही गंमत पडद्यावर न्यावयाची कशी? नेता येत नाही. अॅलँ शाबा यांनी २००२ साली 'अॅस्टेरिक्स आणि क्लिओपात्रा'वरून चित्रपट केला, तेव्हा त्यांनी अक्षरांच्या विनोदामागे धावण्याचे सोडून ओतिस नावाचे एक नवेच पात्र घातले. मूळ पुस्तकात नसलेला हा लेखनिक चित्रपटात उभा राहून एक लांबलचक, भरकटत जाणारे भाषण करतो, आणि ते भाषण फ्रेंच प्रेक्षकांच्या आठवणीत कायमचे राहिले. त्यातील गंमत सर्वस्वी बोलण्याच्या लयीत आहे. कोणत्याही फुग्यात ती मावली नसती. चित्रमालिकेचा चित्रपट करताना जे गमवावे लागते त्याची भरपाई त्याच नाण्यात होत नाही, हे शाबा यांना समजले होते.

मराठीत या प्रश्नाची दुसरी बाजू चिं. वि. जोशी यांच्या चिमणरावात सापडते. तो चित्रमालिकेतील नव्हे, गद्यातील नायक. परंतु तुलनेसाठी फार उपयोगी आहे. १९४० साली मास्टर विनायक यांनी 'लग्न पहावं करून' हा बोलपट काढला, त्यात दामुअण्णा मालवणकर चिमणराव आणि विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ होते. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई दूरदर्शनच्या मालिकेत दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे यांनी त्याच भूमिका केल्या. मालवणकर आणि प्रभावळकर यांच्या चेहऱ्यांत, अंगलटीत, वावरण्यात काडीचे साम्य नाही. तरी दोघेही चिमणराव म्हणून प्रेक्षकांनी बिनतक्रार पतकरले. असे का व्हावे? चिमणराव आपली हकीकत स्वतःच सांगतो, हे त्याचे कारण होय. त्याचा भाबडेपणा, स्वतःविषयीचा गैरसमज, आपली फजिती गंभीरपणे नमूद करण्याची सवय हे सारे त्याच्या निवेदनाच्या वाक्यरचनेत पक्के बसलेले आहे. आवाज पुस्तकानेच दिला होता. चेहरा काय तो द्यावयाचा राहिला होता, आणि तो कोणीही दिला तरी चालत होते.

चिंटूचे याच्या नेमके उलट आहे. त्याचा चेहरा वाचकाला हजारो वेळा दिसलेला, पक्का. आणि आवाज प्रत्येकाचा स्वतःचा. स्कॉट मॅक्लाउड यांनी १९९३ मधील आपल्या ग्रंथात असे प्रतिपादन केले आहे, की चित्रातला चेहरा जितक्या थोड्या रेषांचा असेल तितका वाचक त्यात स्वतःला पाहू शकतो. हाच न्याय आवाजाला लावावयास हरकत नसावी. चित्रपटाने चिंटूला एका विशिष्ट मुलाचा चेहरा दिला, हे वाचकाने चालवून घेतले. कारण चित्रातला चेहरा त्याच्याजवळ शाबूत होता, शेजारी ठेवून ताडून पाहता येत होता. आवाजाच्या बाबतीत ताडून पाहण्यास काहीच नव्हते. वाचकाच्या मनातला आवाज हा कधी ऐकलेला आवाज नसतो, म्हणून तो पुसला गेला तरी पुसला गेल्याचे कळत नाही.

पुण्यातील वाचकाला याची झळ कदाचित लागणार नाही. चित्रपटातील मुले आणि त्यांचे आईवडील ज्या नागर मध्यमवर्गीय मराठीत बोलतात, ती त्याने घरी आणि आजूबाजूला ऐकलेली असते. परभणी जिल्ह्यातील वाचकाची स्थिती वेगळी आहे. सेलू, जिंतूर, पाथरी, गंगाखेड येथील मुलगा घरी "मी अभ्यास करायलो" असे म्हणतो. 'करतोय' त्याला पाठ्यपुस्तकातून, वर्तमानपत्रातून आणि दूरदर्शनवरून माहीत असते. "काय करायलास?", "कामून आलास?" हे त्याचे रोजचे प्रश्न. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत हा भाग निजामाच्या राज्यात होता, राज्यकारभाराची भाषा उर्दू होती, बाजारात दखनी चाले. नंतर हैदराबाद राज्य, १९५६ मध्ये द्विभाषिक मुंबई राज्य आणि १९६० मध्ये महाराष्ट्र अशी स्थित्यंतरे झाली. प्रमाण मराठीशी येथील लोकांचा संबंध म्हणूनच मुख्यतः छापील अक्षरातून आला. छापील प्रमाण मराठी आपल्या उच्चारात वाचणे ही येथील वाचकाची जुनी सवय आहे, आणि त्यात त्याला काही उणे वाटत नाही. कागद उच्चार सुधारावयास येत नाही.

'चिंटू' येथेही असाच वाचला जातो. वाचक 'करतोय' वाचतो, आणि गंमत आवडली म्हणजे दुसऱ्याला सांगताना 'करायलो' म्हणतो. विनोदी चौकटींचे निम्मे आयुष्य असे सांगोवांगी जाते. त्या सांगण्यात चिंटू परभणीचा होतो. त्याची आई 'माय' होते. त्याचे अंगण, त्याचे वाणसामान, त्याची उन्हाळ्याची सुटी येथली होते. मूळ मालिकेत पुण्याच्या खुणा नाहीत असे नव्हे. परंतु त्या चित्रात आहेत, आणि चित्रातला जिना किंवा इमारत कोणत्याही तालुक्याच्या गावी खपून जाते. भट्टनायकाने ज्याला साधारणीकरण म्हटले त्याचा हा एक घरगुती प्रकार आहे. चित्रपट पाहताना मात्र हे भाषांतर थांबते. चिंटू बोलतो, आणि त्याच्या पहिल्याच वाक्याला कळते की तो पुण्याचा आहे. प्रेक्षक हसतो, चित्रपट त्याला आवडतोही. पण आता तो दुसऱ्याच्या मुलाची गंमत पाहत असतो.

यावर असा आक्षेप येईल की चिंटूने दुसरे बोलावे तरी काय? मालिका पुण्याची, कर्ते पुण्याचे, दिग्दर्शक आणि नट बहुतेक तिकडचे. त्यांनी मराठवाडी बोलीचा आव आणला असता तर तो हास्यास्पद झाला असता. आक्षेप रास्त आहे. मराठी नाटक-चित्रपटांत बोलीचा उपयोग बराच काळ घरगडी, खेडवळ पाहुणा किंवा दांडगट यांच्यापुरता, हशा मिळविण्यासाठी होत आला. तसल्या उपयोगापेक्षा सरळ नागर मराठी शतपटीने बरी. तथापि त्यामुळे प्रश्न मिटत नाही, उलट नेमका होतो. मंगेश हाडवळे यांच्या 'टिंग्या' (२००८) या चित्रपटातील मुलगा जुन्नरकडच्या बोलीत बोलतो, आणि त्याचे दुःख महाराष्ट्रभर पोचले. परभणीच्या प्रेक्षकालाही ती बोली आपली नव्हे, तरी परकेपणाचा बोच त्याला जाणवला नाही. टिंग्या आधी कोणाच्या मनात बोललाच नव्हता. तो पहिल्यापासून एका गावचा मुलगा म्हणून भेटला. चिंटू आधी सगळ्यांच्या तोंडी बोलून चुकला होता. म्हणजे बोली कोणती हा येथे प्रश्न नसून, जो आवाज अनेकांत वाटलेला होता तो एकाच्या स्वाधीन झाला, हा आहे.

या बाबतीत चित्रपटकर्त्यांना काही मार्ग मोकळा होता काय? एक होता, आणि तो आपल्या परंपरेतलाच आहे. सिंधुदुर्ग जिल्ह्यातील पिंगुळीचे चित्रकथी एकेक चित्र पुढे धरून कथा सांगतात. चित्र अबोल आणि स्थिर असते. पात्रे बोलत नाहीत, त्यांच्या वतीने सांगणारा बोलतो, आणि तो ऐकणाऱ्यांच्या ओळखीच्या वळणाने बोलतो. तीच चित्रे घेऊन दुसरा सांगणारा बसला तर आवाज बदलतो, चित्रे तीच राहतात. या शैलीच्या जुन्या चित्रांना ज्या पैठणचे नाव चिकटले आहे, ते पैठण गोदावरीकाठचे. तीच गोदावरी पुढे पाथरी, गंगाखेडवरून वाहते. दुसऱ्या चित्रपटाच्या नावात 'चित्तरकथा' हा शब्द आहे. 'चित्र'चे हे लोकांच्या तोंडी पडलेले रूप. नाव ठेवताना परंपरेची आठवण झाली असेल किंवा नसेल. रचनेत मात्र ती उतरलेली नाही. चिंटूची गोष्ट सांगणारा कोणी वेगळा असता, आणि मुलांच्या वाट्याला शब्द थोडे व मुद्रा अधिक आल्या असत्या, तर आवाजाचे गाव मुलांना चिकटण्याऐवजी सांगणाऱ्याला चिकटले असते.

हे अगदीच काल्पनिक नाही, याचा पुरावा मालिकेतच मिळतो. तिच्यात अधूनमधून अशी चौकट येते की जिच्यात फुगाच नसतो : चिंटू नुसता पाहत असतो, किंवा आईने काढलेले डोळे चुकवून दुसरीकडे तोंड फिरवीत असतो. चित्रपटही मुलांना गप्प करून त्यांच्या तोंडाकडे पाहतो तेव्हा मालिकेच्या सर्वांत जवळ येतो. तेवढ्या क्षणी पुण्यातील आणि परभणीतील प्रेक्षक सारखाच हसतो, आणि पुढचे वाक्य आपापल्या मनात म्हणतो; मग पडद्यावरचा मुलगा बोलू लागतो.